जुना संगणक आणि त्याचे माहितीपुस्तक

आज एका पातळशा पुस्तकाविषयी बोलायचे आहे. त्यात गोष्ट नाही, गाणे नाही, आणि ते आपल्या भाषेतही नाही. तरी आपल्या शाळेच्या कपाटात, जुन्या हजेरीपटांच्या गठ्ठ्याखाली, ते बहुधा पडलेले असते. संगणक घेतला तेव्हा खोक्यातून निघालेले, आणि कोणी उघडले नाही म्हणून कोरे करकरीत राहिलेले. हे मदरबोर्डाचे माहितीपुस्तक. त्याला सगळे मॅन्युअल म्हणतात. आपणही तसेच म्हणू.

ह्या पुस्तकाची किंमत मला कशी कळली ते आधी सांगतो. देशावरच्या एका माध्यमिक शाळेत विज्ञान प्रदर्शन पाहायला गेलो होतो. प्रदर्शन झाले, चहा झाला. व्हरांड्याच्या टोकाला एका खोलीला कुलूप दिसले. मुख्याध्यापक म्हणाले, "ती संगणकाची खोली. तीन संगणक आहेत, पण तिन्ही बंद. तालुक्याहून मेकॅनिक येऊन गेला. बोर्ड गेलेत म्हणाला. आता निर्लेखनाचा प्रस्ताव करायचा." विज्ञान शिकवणाऱ्या बाई शेजारी उभ्या होत्या. त्या हळूच म्हणाल्या, "सर, मुलं रोज विचारतात, बाई खोली कधी उघडणार? काय सांगू त्यांना?"

मंडळी, केंद्र सरकारची शाळांसाठीची संगणक शिक्षणाची योजना डिसेंबर २००४ मध्ये सुरू झाली. अशा योजनांतून, कुठे देणगीतून, कुठे माजी विद्यार्थ्यांच्या वर्गणीतून, यंत्रे गावोगावच्या शाळांत आली. ज्या मुलाच्या घरी संगणक नाही, त्याने कीबोर्डला पहिला हात लावला तो तिथेच. ती खोली बंद झाली म्हणजे त्या मुलाचे दार बंद झाले. म्हणून 'बोर्ड गेला' हे शब्द ऐकून लगेच मान डोलावू नये. आधी पुस्तक काढावे. ते कसे वापरावे, तेवढेच आज सांगतो.

प्रथम मदरबोर्ड म्हणजे काय ते पाहू. आपण ज्या उभ्या डब्याला सर्रास सीपीयू म्हणतो, त्याचे खरे नाव कॅबिनेट. त्याच्या बाजूचा पत्रा काढला की आत एक मोठी पाटी दिसते. हिरवी, तपकिरी, निळी, कशीही असेल. हाच मदरबोर्ड. खरा सीपीयू, म्हणजे हिशेब करणारी चिप, ह्या पाटीवर पंख्याखाली बसलेली असते. रॅमच्या पट्ट्या, हार्ड डिस्कची वायर, कीबोर्ड, माउस, पडदा, सगळे इथे येऊन मिळते.

१९९५ साली इंटेल कंपनीने एटीएक्स नावाचे एक माप ठरवून दिले. बोर्डाची लांबी-रुंदी, स्क्रूंची भोके, विजेचा प्लग ह्यांत त्यामुळे मेळ आला. म्हणून एका कंपनीचा बोर्ड दुसऱ्या कंपनीच्या कॅबिनेटात बसतो. पण बाहेरचा सांगाडा सारखा झाला तरी आतल्या खुणा ज्याच्या त्याच्याच राहिल्या. दिसायला सारखे आणि अर्थाने निराळे, असा हा प्रकार आहे. सगळा घोटाळा इथे होतो, आणि मॅन्युअलची गरजही इथेच लागते.

आता पहिले काम. बोर्डाचे नाव शोधायचे.

सातबाऱ्याचा उतारा काढायला गेलो आणि 'आमचे शेत ओढ्याकाठी, आंब्याजवळ आहे' एवढेच सांगितले, तर उतारा मिळत नाही. गट नंबर लागतो, आणि त्याचा हिस्साही लागतो. बोर्डाचेही तसेच आहे. 'काळा डबा, अमुक कंपनीचा' एवढ्याने भागत नाही. कॅबिनेटवरचे नाव हे डबा बनवणाऱ्याचे असते, बोर्डाचे नव्हे. बोर्डाचे नाव त्या पाटीवरच, बहुधा जादा कार्डे बसवण्याच्या लांब खाचांच्या मधल्या जागेत, ठसठशीत इंग्रजी अक्षरांत छापलेले असते. ब्रशने धूळ झाडा, टॉर्च धरा, आणि ते अक्षर न् अक्षर उतरवून घ्या. एसूस कंपनीचे पी५केपीएल, पी५केपीएल-एएम आणि पी५केपीएल-सीएम असे बोर्ड होते. नावात फरक शेपटाएवढा. पण पाट्या निराळ्या आणि पुस्तकेही निराळी. नावाजवळ 'रेव्ह' अशी अक्षरे आणि एक आकडा असतो. तो आवृत्तीचा आकडा. तोही लिहून घ्या. तो म्हणजे आपला हिस्सा नंबर समजा.

मग कपाटातल्या पुस्तकावरचे नाव आणि हे नाव ताडून पाहा. जुळले तर उत्तम. नाही जुळले तर ते पुस्तक ह्या यंत्राचे नव्हे. त्यावर विसंबून हात घालू नका. दुसऱ्या गटाच्या नकाशावरून बांध घालण्यासारखे ते होईल.

दुसरे काम. पुस्तक पहिल्या पानापासून वाचत बसायचे नाही. सुरुवातीला बोर्डाचे रेखाचित्र असते ते पान काढा. हा गावाचा नकाशा. भूगोलाच्या तासाला आपण मुलांना सांगतो ना, आधी उत्तर दिशा धरा? इथे उत्तर म्हणजे कॅबिनेटची मागची बाजू, जिथे कीबोर्ड-माउसची गोल तोंडे असतात. चित्रातली ती बाजू आणि समोरच्या बोर्डाची ती बाजू एका दिशेला येईल असे पुस्तक फिरवून धरा. मग चित्रातल्या प्रत्येक जागेला नाव आणि पान नंबर दिलेला सापडेल. बोर्डावरही तीच नावे बारीक अक्षरांत छापलेली असतात. आधी बोटाने दाखवत सगळी फिरती करा. कशालाही हात न लावता फक्त ओळख. हे काम सातवी-आठवीची मुले आपल्यापेक्षा लवकर करतात, असा माझा अनुभव आहे.

तिसरे काम चार शब्दांचे आहे. पुस्तक इंग्रजीत, म्हणून पुष्कळ शिक्षक ते बाजूला ठेवतात. पण सगळे इंग्रजी येण्याची गरज नाही. चौकटीत किंवा चित्राशेजारी येणारे चार शब्द ओळखू आले की निम्मे काम झाले. 'वॉर्निंग' किंवा 'डेंजर' म्हणजे माणसाला इजा होईल. 'कॉशन' म्हणजे यंत्राला इजा होईल. 'इम्पॉर्टंट' म्हणजे हे केल्यावाचून काम पुरे होणार नाही. आणि 'नोट' म्हणजे जाता जाता दिलेली माहिती. पहिले दोन शब्द जिथे दिसतील तिथे हात थांबला पाहिजे. ते वाक्य शब्दकोश घेऊन, इंग्रजीच्या शिक्षकांना विचारून, नीट समजेपर्यंत पुढे जायचे नाही. हा नियम सोडला तर सगळे ज्ञान फुकट.

आता डबा उघडण्याआधीच्या गोष्टी. जुनी बहुतेक मॅन्युअले त्या एका सुरात सांगतात.

नुसते बटण बंद करून भागत नाही; भिंतीतला प्लग काढायचा. संगणक बंद दिसला तरी बोर्डावर थोडी वीज खेळत असते. एसूसच्या अनेक बोर्डांवर त्यासाठी एक हिरवा दिवा असतो. तो लागलेला असेल तोवर रॅम, कार्ड, काही काढू नये आणि घालू नये. प्लग काढल्यावर तो थोड्या वेळाने विझतो. तो विझू द्या.

दुसरी गोष्ट अंगातल्या स्थिर विजेची. थंडीत लोकरीचा स्वेटर काढताना चटचट आवाज येतो, ती ही वीज. आपल्याला ती कळतही नाही, पण नाजूक चिपला ती मारक ठरते. म्हणून काम सुरू करण्यापूर्वी कॅबिनेटच्या आतल्या विजेच्या डब्याच्या पत्र्याला हात लावावा. रॅमची पट्टी कडेने धरावी. चिपांना आणि सोनेरी पट्ट्यांना बोटे लावू नयेत.

तिसरी गोष्ट आपल्याकडची. संगणक चालू असताना कॅबिनेटला हात लावला की झिणझिण्या येतात का? येत असतील तर खोलीचे अर्थिंग बरोबर नाही. आधी वायरमनकडून ते करून घ्या. मग पुढचे.

चौथी गोष्ट. मागच्या बाजूला, विजेच्या वायरीजवळ, काही जुन्या डब्यांवर एक लाल खटका असतो. त्यावर ११५ आणि २३० असे आकडे असतात. आपल्याकडे तो २३० वरच पाहिजे. मुलांनी खेळता खेळता तो ११५ कडे सरकवला आणि प्लग लावला, तर विजेचा डबा जळतो. ह्या डब्याला बाजारात एसएमपीएस म्हणतात. तो डबा स्क्रू काढून कधीही उघडू नये. प्लग काढल्यावरही त्याच्या पोटात वीज साठून राहते.

एवढी तयारी झाल्यावर आम्ही त्या शाळेतली खोली उघडली. कपाटात पुस्तक सापडले. नाव जुळले. तिन्ही संगणकांत एकाच नावाचे बोर्ड होते, ही एक सोय झाली.

पहिला संगणक सुरू होत होता, पण काळ्या पडद्यावर 'सीमॉस चेकसम बॅड' अशी ओळ येऊन थांबत होता. एक कळ दाबली की पुढे जाई. पण तारीख दहा-बारा वर्षांपूर्वीची दाखवी, आणि इंटरनेटवरचे एकही पान उघडत नसे. मुलांची समजूत अशी की यंत्राला वेड लागले. प्रत्यक्षात बोर्डावरचा बटणासारखा सेल संपला होता. संगणक बंद असताना घड्याळ चालू ठेवणे आणि काही नोंदी सांभाळणे हे त्या सेलचे काम. तो संपला की घड्याळ मागे जाते. आणि संकेतस्थळांची ओळखपत्रे तारखेवर तपासली जातात. संगणकाला वाटते की हे ओळखपत्र अजून सुरूच झालेले नाही, म्हणून तो पान उघडू देत नाही. दोष सेलचा, बदनामी बोर्डाची.

मॅन्युअलमध्ये सेलचा प्रकार लिहिलेला असतो. बहुधा सीआर २०३२. ह्यातल्या २० चा अर्थ व्यास २० मिलिमीटर, ३२ चा अर्थ जाडी ३.२ मिलिमीटर. दाब ३ व्होल्ट. दुकानदार कधी २०२५ देतो. तो पातळ असतो, नीट बसत नाही. सेल अधिक चिन्हाची बाजू वर ठेवून बसवायचा. पुस्तकात इथे चुकीच्या प्रकारचा सेल घालू नका म्हणून इशारा असतो, तो पाळायचा. आणि शिक्षकांनो, पुस्तकात असो वा नसो, एक गोष्ट मी सांगतो. काढलेला सेल टेबलावर टाकून ठेवू नका. लहान मुलाने तो गिळला आणि तो अन्ननलिकेत अडकला, तर दोन तासांत आत भाजून जखम होऊ शकते. अशा वेळी वाट न पाहता मूल दवाखान्यात न्यावे लागते. जुना सेल चिकटपट्टीत गुंडाळून मोठ्या माणसाने ताब्यात ठेवावा.

सेल बदलला, तारीख बरोबर केली, आणि पहिला संगणक चालू झाला. मेकॅनिकला मी दोष देत नाही. एका दिवसात पाच गावे करणाऱ्या माणसाने पुस्तक कधी उघडायचे?

दुसरा संगणक. बटण दाबले की पंखे फिरत, पण पडद्यावर काहीच नाही. इथे गावातल्या एका हौशी तरुणाने आधीच प्रयत्न केला होता. त्याला कोणीतरी सांगितले होते की 'जंपरची टोपी काढली की सगळे ठीक होते.' म्हणून त्याने एक टोपी काढून खिशात घातली होती! हा जंपर म्हणजे काय ते जरा सविस्तर सांगतो, कारण माझ्या सगळ्या सांगण्याचे मर्म इथे आहे.

बोर्डावर काही जागी दोन किंवा तीन उभ्या पिना असतात, आणि त्यांतल्या दोन पिनांवर एक इवलीशी प्लॅस्टिकची टोपी बसवलेली असते. टोपीच्या आत धातू असतो. तो त्या दोन पिना जोडतो. टोपी सरकवली की जोडणी बदलते. झाला जंपर.

आता पाहा. एसूसच्या त्या काळच्या अनेक बोर्डांवर तीन पिनांचा एक जंपर असे. टोपी पहिल्या-दुसऱ्या पिनेवर असली म्हणजे नेहमीची स्थिती. प्लग काढून, ती काही सेकंद दुसऱ्या-तिसऱ्या पिनेवर ठेवून परत आणली की साठवलेल्या नोंदी पुसल्या जातात. टोपी अजिबात काढून टाकू नका, नाही तर यंत्र सुरू होणार नाही, असे तिथे पुस्तकात बजावलेले असते.

इंटेलच्या त्या काळच्या पुष्कळ बोर्डांवरही तीन पिनांचाच जंपर असे. पहिल्या-दुसऱ्यावर टोपी म्हणजे नेहमीची स्थिती, इथवर सारखे. पण दुसऱ्या-तिसऱ्यावर ठेवली की नोंदी पुसल्या जात नाहीत. संगणक मांडणीच्या खास पडद्यावर जातो, जिथे विसरलेला पासवर्ड काढता येतो. आणि टोपी काढून टाकली तर बिघडलेले मूळ सॉफ्टवेअर परत भरण्याची स्थिती येते.

गिगाबाइट कंपनीच्या जुन्या अनेक बोर्डांवर पिनाच दोन. तिथे टोपी नसणे हीच नेहमीची स्थिती. दोन पिना क्षणभर जोडल्या की नोंदी पुसल्या जातात.

म्हणजे 'टोपी नाही' ह्या एका गोष्टीचे तीन घरी तीन अर्थ झाले. एके ठिकाणी बिघाड, दुसरीकडे दुरुस्तीची स्थिती, तिसरीकडे सगळे आलबेल. एवढेच नव्हे, एकाच बोर्डावर अगदी तशीच तीन पिनांची दुसरी जागा असते, आणि तिचे काम कीबोर्ड किंवा यूएसबीला कोणती वीज द्यायची ते ठरवण्याचे असते. दिसायला जुळी भावंडे! आता सांगा, मित्राच्या आठवणीवर किंवा फोनवर पाहिलेल्या चित्रफितीवर भरवसा ठेवून टोपी सरकवायची का? त्या चित्रफितीतला माणूस खोटे सांगत नसतो. तो त्याच्या बोर्डाविषयी सांगत असतो. आपल्या बोर्डाविषयी खरे सांगणारे पुस्तक एकच, आपल्या बोर्डाचे.

संगणकाच्या आवाजाचेही तसेच. बिघाड झाला की पुष्कळ बोर्ड 'बीप' असा आवाज काढतात. एसूसच्या त्या काळच्या अनेक मॅन्युअलांत एक लांब आणि दोन आखूड आवाजांचा अर्थ 'रॅम सापडत नाही' असा दिलेला आहे. आणि अ‍ॅवॉर्ड नावाचे मूळ सॉफ्टवेअर असलेल्या बोर्डांवर एक लांब, दोन आखूड म्हणजे पडद्याच्या कार्डाचा दोष. एकाने रॅम तपासायची, दुसऱ्याने कार्ड. अर्थ न पाहता सुटे भाग आणत बसलो तर साप साप म्हणून भुई धोपटणे होईल, आणि शाळेचे पैसे जातील.

असो. त्या तरुणाकडून टोपी परत घेतली आणि पुस्तकात पाहून पहिल्या-दुसऱ्या पिनेवर बसवली. तरी पडदा काळाच. मग विजेच्या जोडणीचे पान काढले. तिथे 'इम्पॉर्टंट' म्हणून एक वाक्य होते: चोवीस पिनांच्या मोठ्या प्लगशिवाय चार पिनांचा एक छोटा, बारा व्होल्टचा प्लगही लावायलाच हवा, नाही तर यंत्र सुरू होणार नाही. बाईंनी टॉर्च मारला. तो छोटा प्लग पंख्याच्या वायरीमागे लोंबत होता. धूळ काढताना कोणीतरी काढला आणि लावायचा राहिला. मोठा प्लग असल्याने पंखे फिरत. पण सीपीयूला वीज पोचत नव्हती. प्लग लावला. पडद्यावर अक्षरे आली. दाराशी जमलेल्या मुलांनी टाळ्या पिटल्या.

जाता जाता आणखी दोन जागा सांगून ठेवतो. कॅबिनेटच्या पुढच्या बाजूच्या बटणांच्या आणि दिव्यांच्या बारीक वायरी बोर्डावर एका लहानशा झुपक्यात लागतात. कोणती वायर कुठे, हे पुस्तकातल्या आकृतीवरूनच लावावे. बटणाची वायर उलटी लागली तरी चालते. दिव्याची उलटी लागली तर दिवा लागत नाही, एवढेच. इथे भीती नाही. भीती आहे ती पुढच्या यूएसबीच्या वायरीची. काही बोर्डांवर यूएसबीच्या शेजारी १३९४ नावाच्या दुसऱ्या जोडणीच्या पिना असतात, आणि त्या अगदी तशाच दिसतात. यूएसबीत ५ व्होल्ट वीज असते, त्या दुसरीत १२ व्होल्ट असू शकते. वायर चुकली की नुकसान ठरलेले. म्हणून तिथे पुस्तकात ठळक इशारा असतो.

दुसरी जागा रॅमची. डीडीआर २ आणि डीडीआर ३ ह्या दोन्ही पट्ट्यांना २४० च पिना. पण मधली खाच निराळ्या जागी, आणि वीजही निराळी, एकीला १.८ व्होल्ट तर दुसरीला १.५. पट्टी सहज बसत नसेल तर जोर करू नका. ती बहुधा त्या घरची नव्हे. कोणती पट्टी चालते आणि जास्तीत जास्त किती क्षमतेची, ह्याचा तक्ता पुस्तकात असतो. मेकॅनिक लोक रॅमच्या सोनेरी पट्ट्या खोडरबराने पुसतात. ही युक्ती पुस्तकातली नाही. पट्टी नुसती काढून नीट बसवली तरी पुष्कळदा काम होते.

पुस्तकाचा उत्तरार्ध बायोसचा असतो. बायोस म्हणजे विंडोज सुरू होण्याआधी जागे होणारे मूळ सॉफ्टवेअर. तिथे जायला सुरुवातीलाच एक कळ दाबावी लागते. एसूस आणि गिगाबाइटच्या बोर्डांवर डिलीट, इंटेलच्या बोर्डांवर एफ २. तिथली तारीख-वेळ आणि सुरू होण्याचा क्रम, एवढ्या दोनच गोष्टींना शिक्षकांनी हात लावावा. बदलण्याआधी पडद्याचा फोटो काढून ठेवावा. आणि बायोस नवा भरण्याचे जे प्रकरण असते, ते वाचून सोडून द्यावे. ते काम चालू असताना वीज गेली तर बोर्ड पुन्हा उठत नाही, आणि आपल्याकडची वीज कोणाला विचारून जात नाही.

आता तिसरा संगणक. त्याची सगळी पाने चाळली, सगळे प्लग पाहिले, रॅम बदलून पाहिली. उठला नाही. मग सीपीयूशेजारच्या उभ्या नळकांड्या दिसल्या. त्यांना कपॅसिटर म्हणतात. त्यांची डोकी सपाट हवीत, ती फुगून वर आली होती. एकातून तपकिरी रस सुकून राहिला होता. इथे मॅन्युअल संपते. हे काम डाग देऊन भाग बदलणाऱ्या जाणकाराचे. आणि खर्च चार आण्यांच्या कोंबडीला बारा आण्यांचा मसाला असा होत असेल तर यंत्र सोडून द्यावे. मेकॅनिकचे म्हणणे तिघांपैकी एकाबाबत खरे होते, हेही सांगितले पाहिजे. पण त्याची रॅम आम्ही तक्ता पाहून दुसऱ्या संगणकात घातली, ती चालली. उरलेला बोर्ड भंगारात देताना तो जाळला जाणार नाही हे पाहावे. जुन्या बोर्डांच्या डागांत शिसे असते, आणि त्याचा धूर वाईट. इलेक्ट्रॉनिक कचरा घेणाऱ्या नोंदणीकृत केंद्राकडे तो द्यावा.

तुम्ही म्हणाल, आमच्या शाळेत तर पुस्तकच नाही, वाळवीने खाल्ले. हरकत नाही. बोर्डाचे पूर्ण नाव हाती असेल तर कंपनीच्या संकेतस्थळावर जुनी मॅन्युअले पुष्कळदा मिळतात. पण उद्यावर टाकू नका. इंटेलने डेस्कटॉप संगणकांचे बोर्ड बनवणे थांबवण्याचे जानेवारी २०१३ मध्ये जाहीर केले, आणि २०१९ मध्ये जुन्या बोर्डांसाठीचे सॉफ्टवेअर संकेतस्थळावरून काढायला घेतले. दुकान बंद झाले की माल मिळत नाही, तसेच हे. १९९६ पासून चालत आलेल्या इंटरनेट आर्काइव्ह ह्या संस्थेच्या साठ्यात अशी काही जुनी पाने सापडतात, तिथेही शोधावे.

मिळालेले पुस्तक पेन ड्राइव्हवर ठेवा. पण संगणकच बंद असेल तर पेन ड्राइव्ह कुठे उघडणार? म्हणून चार पाने छापून कॅबिनेटच्या बाहेर, प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून चिकटवा: रेखाचित्राचे, जंपरांचे, विजेच्या जोडण्यांचे आणि पुढच्या बटणांच्या वायरींचे. त्याच पिशवीत एक वही ठेवा. कोणी कधी काय उघडले, काय बदलले, सेल कोणत्या तारखेला घातला, त्याची एक-एक ओळ. शेजारी कोणत्या शिक्षकांची बदली झाली तरी वही जागेवर राहील.

आणि बंद पडलेला तिसरा बोर्ड लगेच देऊन टाकायची घाई नसेल, तर आधी तो वर्गात न्या. त्यावरचे सेल काढून ठेवा, आणि मुलांना पुस्तकातला नकाशा देऊन एकेक जागा शोधू द्या. त्या बाईंनी तसे केले. पुढे त्यांचा फोन आला, तेव्हा सांगत होत्या, "सर, नववीतल्या मुलीनं मला विचारलं, बाई, हे 'कॉशन' आपण वर्गाच्या दारावर लिहू का?" खोलीला कुलूप अजून असते, पण ते शाळा सुटल्यावर लागते.

श्रोतेहो, जुने यंत्र नवे होत नाही. त्याच्याकडून हिशेब, लेखन, चित्रे, टंकलेखनाचा सराव एवढीच अपेक्षा ठेवावी. पण ते मेले की नुसते थांबले आहे, हे ऐकीव गोष्टीवरून ठरवू नये. नाव शोधा, नकाशा धरा, इशारे वाचा, मग हात लावा. उद्या शाळेत गेल्यावर कपाटातला तो गठ्ठा एकदा उचलून पाहा.